पाकिटातलं दुसरं कार्ड

माझ्या पाकिटात ड्रायव्हिंग लायसन्सच्या मागे त्याच आकाराचं आणखी एक कार्ड आहे. टेक्सस राज्याने दिलेलं. शर्टाखाली, कमरेला भरलेलं पिस्तूल लावून मी किराणा आणायला जाऊ शकतो, असा त्याचा अर्थ. भारतात ही गोष्ट फार कमी लोकांना माहीत आहे. आईला तर नाहीच.

हे कार्ड मी पहिल्यांदा रिन्यू केलं ते जानेवारी २०२२ मध्ये. जेवणाच्या टेबलावर, लॅपटॉपवर, वीसेक मिनिटांत. कुठे जायचं नाही, बोटांचे ठसे पुन्हा द्यायचे नाहीत, नेमबाजीची परीक्षाही पुन्हा नाही. शस्त्रांबद्दलचे राज्याचे कायदे वाचले, समजले, अशी कबुली द्यायची आणि ४० डॉलर भरायचे. समोर मुलगी अपूर्णांकांशी झगडत बसली होती.

बायकोने मागून स्क्रीन पाहिली. "आता लागत नाही ना हे? मग कशाला भरतोयस पैसे?"

तिचं बरोबर होतं. १ सप्टेंबर २०२१ पासून टेक्ससमध्ये हँडगन बाळगून बाहेर पडायला परवाना लागत नाही. वय २१ पूर्ण असलं आणि कायद्याने बंदूक ठेवायला बंदी नसली, म्हणजे झालं. दीडशे वर्षं ज्या कागदावरून भांडणं झाली तो कागद ऐच्छिक झाला, आणि मी नेमका त्याच हिवाळ्यात तो रिन्यू करत होतो. तिला मी काहीतरी थातुरमातुर उत्तर दिलं. ते माझं मलाच पटलं नाही, म्हणून मग वाचत गेलो.

टेक्सस म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर कमरेला दोन पिस्तुलं लावलेला काऊबॉय येतो. सिनेमावाल्यांची कृपा. प्रत्यक्षात याच राज्याने १८७१ मध्ये पिस्तूल बाळगण्यावर बंदी घातली होती, आणि ती थोड्याफार फरकाने १९९५ पर्यंत टिकली. कायद्याची भाषा वाचायला मजा येते. अंगावर, खोगिरावर किंवा खोगिराच्या पिशवीत पिस्तूल, खंजीर, गुप्ती, बोवी सुरा यांपैकी काहीही नको. घरात आणि स्वतःच्या जागेत चालेल. आणि प्रवाशाला चालेल.

हा 'प्रवासी' पुढे सव्वाशे वर्षं वकिलांची पोटं भरत राहिला. प्रवासी म्हणजे कोण? शेजारच्या गावात गुरं विकायला गेलेला? वाटेत जेवायला थांबला तर तेवढा वेळ तो प्रवासी राहतो की नाही? कोर्टांनी वेगवेगळी उत्तरं दिली. स्वतःच्या गाडीत पिस्तूल ठेवायला परवाना लागत नाही, हे कायद्यात नीट लिहिलं गेलं ते २००७ साली.

पण त्याच्या पाच वर्षं आधीचा, १८६६ चा एक कायदा मला जास्त बोलका वाटतो. यादवी युद्धात टेक्सस हरणाऱ्या बाजूला होतं. गुलाम मुक्त झाले होते, पण राबायचं त्याच मळ्यांवर होतं. त्या वर्षी कायदा झाला, की दुसऱ्याच्या कुंपणातल्या जमिनीवर किंवा मळ्यावर मालकाच्या संमतीशिवाय बंदूक बाळगायची नाही. वर्णाचा उल्लेख कुठे नाही. गरजही नव्हती. मळा कोणाचा आणि त्यावर राबणारे कोण, हे सगळ्यांना ठाऊक होतं. म्हणजे काळ्या माणसाने बंदूक बाळगायची तर परवानगी देणारा अधिकारी कोण? त्याचा कालचा मालक.

१८७१ चा कायदा मात्र दुसऱ्या बाजूने आला. गव्हर्नर एडमंड डेव्हिस हे युद्धात उत्तरेच्या बाजूने लढलेले. मुक्त झालेल्या काळ्या लोकांवर रोज हल्ले होत होते, आणि रस्त्यावरची हत्यारं काढून घेतली तर राज्य थोडं शांत होईल असा त्यांच्या सरकारचा हिशेब होता. एकाच राज्यात, पाच वर्षांच्या अंतराने, एक कायदा दुबळ्याचं हत्यार काढून घेण्यासाठी आणि दुसरा दांडग्याचं. वरून दोन्ही सारखेच दिसतात. बंदुकीच्या कायद्यावर आज तावातावाने बोलणारे दोन्हीकडचे लोक यातला आपल्याला हवा तो उचलतात. मलाही तो मोह होतोच.

हे वाचताना मला सारखे आजोबा आठवत होते. कारण १८७१ नंतर सातच वर्षांनी, १८७८ मध्ये, व्हाइसरॉय लिटनच्या सरकारने हिंदुस्थानात शस्त्रांचा कायदा आणला, आणि आमच्या घरातल्या बंदुकीची कागदपत्रं त्या कायद्याच्या वंशातली. देशी वर्तमानपत्रांचं तोंड बांधणारा कायदाही त्याच वर्षी, त्याच महिन्यात झाला. हिंदी माणसाला शस्त्र ठेवायचं तर परवाना हवा. युरोपियनांना नियमांत सूट. टेक्ससच्या मळेवाल्यांइतका आडपडदा इंग्रजांना ठेवावासा वाटला नाही. १८८७ च्या मद्रास काँग्रेसमध्ये या कायद्याविरुद्ध ठराव झाला. इंग्रजांनी कोडगूमधल्या कोडवांना मात्र वेगळी सूट दिली होती, आणि ती आजही चालू आहे. सरकारने २०१९ मध्ये आणखी दहा वर्षं वाढवली. राज्य गेलं तरी कोणावर भरवसा ठेवायचा याची यादी इतक्या लवकर बदलत नाही.

आमचं गाव सिंधुदुर्गात. आजोबांकडे शेतीसंरक्षणाची बंदूक होती, ठासणीची. नळीतून दारू आणि छरे ठासायचे, केप लावायची आणि देवाचं नाव घ्यायचं. रानडुकरांनी भात लोळवू नये म्हणून ती होती. तिने किती डुकरं मेली ते माहीत नाही. आवाजाने पळाली मात्र पुष्कळ. स्वातंत्र्यानंतरच्या १९५९ च्या कायद्यात परवान्याची मुदत तीन वर्षांची असे, म्हणून दर तीन वर्षांनी डिसेंबरात आजोबा धुतलेलं धोतर नेसून, काळी टोपी घालून निघत. १९९३ च्या डिसेंबरात मला बरोबर नेलं होतं. मी नऊ वर्षांचा.

बंदूक दाखवायची, परवान्याचं पुस्तक द्यायचं, चलन भरायचं, पोलिसांकडचा कागद आला का विचारायचं. तो आलेला नसायचा. आम्ही बाकावर बसलो. शेजारी आणखी चार म्हातारे, प्रत्येकाच्या मांडीवर गोणपाटात गुंडाळलेली बंदूक. आज असं दृश्य दिसलं तर कोणीतरी व्हिडिओ काढेल. तेव्हा कारकून त्यांच्यामधून वाट काढत चहा घेऊन जात होता. संध्याकाळी शिक्का मिळाला. एसटीत आजोबा म्हणाले, "बंदूक माझी, शेत माझा, डुकर पण माझ्याच शेतातलो. भरवसो तेवढो सरकाराचो."

फेब्रुवारी १९९५ मध्ये विधानसभेची निवडणूक होती. आचारसंहिता लागली की परवान्याच्या बंदुका ठाण्यात जमा कराव्या लागत. वायंगणी भात शेतात उभं आणि बंदूक ठाण्यात. डुकरांना आचारसंहिता लागू नव्हती. आजोबा रात्रभर पत्र्याचा डबा बडवत बसत. बंदूक परत आली तेव्हा नळीला गंज चढला होता, आणि तो घासताना आजोबा पहिल्यांदा चिडलेले पाहिले. सत्तर वर्षांच्या माणसाने निवडणुकीत असं काय केलं असतं, हा त्यांचा प्रश्न होता. तो त्यांनी कोणाला विचारला नाही.

त्याच १९९५ साली टेक्ससमध्ये उलटं घडत होतं.

त्याची सुरुवात चार वर्षं आधीची. १६ ऑक्टोबर १९९१, किलीन नावाचं गाव, ल्यूबीज नावाची खानावळ, दुपारची जेवणाची गर्दी. एका माणसाने काच फोडून पिकअप ट्रक आत घातला आणि गोळ्या झाडायला सुरुवात केली. २३ माणसं मेली. सुझॅना हप ही कायरोप्रॅक्टर बाई आईवडिलांबरोबर जेवायला आली होती. तिच्याकडे रिव्हॉल्व्हर होतं, पण बाहेर गाडीत. लपवून हत्यार बाळगणं गुन्हा. पकडली गेली तर व्यवसायाचं लायसन्स जाईल या भीतीने तिने ते पर्समधून काढून ठेवलं होतं. तिचे वडील त्या माणसाच्या अंगावर धावून गेले आणि पडले. सुझॅना खिडकीतून बाहेर पडली. आई मागून येतेय असं तिला वाटलं. आई वडिलांपाशीच थांबली होती.

मी त्या जागेपर्यंत गाडी चालवत गेलो आहे. आमच्या घरापासून तासाभरावर आहे. पाहण्यासारखं तिथे काही नाही. गावाबाहेरच्या हायवेलगत असतात तशा बैठ्या इमारती आणि भलंमोठं पार्किंग. खानावळ काही महिन्यांनी पुन्हा उघडली होती आणि २००० मध्ये कायमची बंद झाली. पार्किंगमध्ये उभं राहून मी दारापासून गाडीपर्यंतची पावलं मोजली. फार नाहीत. पण बंदूक पर्समध्ये असती तर काय झालं असतं, याचं उत्तर पावलं मोजून मिळत नाही. सुझॅनाने ते उत्तर धरलं आणि आयुष्यभर सोडलं नाही. अनेक राज्यांत जाऊन तिने साक्ष दिली. १९९३ मध्ये गव्हर्नर अ‍ॅन रिचर्ड्स यांनी यासंबंधीचं विधेयक नकाराधिकार वापरून अडवलं, पुढच्या वर्षी त्या जॉर्ज डब्ल्यू. बुशकडून हरल्या, आणि १९९५ मध्ये बुशनी कायद्यावर सही केली. १९९६ मध्ये सुझॅना स्वतः विधानसभेत निवडून आली.

या कायद्यातला खरा बदल पिस्तुलाचा नव्हता. तो अधिकाऱ्याचा होता. हे समजायला थोडं मागे, अलाबामा राज्यात जावं लागतं. ३० जानेवारी १९५६ ला माँटगमेरीत मार्टिन लूथर किंग यांच्या घरावर बॉम्ब टाकला गेला. बसवरचा बहिष्कार चालू होता, घरात पत्नी आणि काही आठवड्यांची मुलगी होती. किंग यांनी पिस्तूल बाळगण्याच्या परवान्यासाठी अर्ज केला. तिथे परवाना 'देता येईल' असा होता; योग्य माणूस आहे की नाही हे अधिकाऱ्याने ठरवायचं. अर्ज नामंजूर झाला. ज्याच्या घरावर नुकताच बॉम्ब पडला त्याला जिवाची भीती नाही, तर मग कोणाला? पुढे किंग यांनी घरातल्या बंदुकाही काढून टाकल्या. पण अहिंसेचा एवढा मोठा पुढारी एके काळी या खिडकीपाशी उभा होता आणि त्याला हाकलून दिलं गेलं, हे मला फार उशिरा कळलं.

फ्लोरिडाने १९८७ मध्ये आणि टेक्ससने १९९५ मध्ये ते 'देता येईल' काढून 'दिलाच पाहिजे' केलं. शिक्षण घ्या, परीक्षा द्या, ठसे द्या, गुन्ह्याची नोंद नसेल तर परवाना मिळणारच. अधिकाऱ्याला तुमचा चेहरा आवडो न आवडो. न्यूयॉर्कसारख्या राज्यांत मर्जीचा कारभार चालूच राहिला. तिथे 'योग्य कारण' दाखवावं लागे. सुप्रीम कोर्टाने ती अट २०२२ मध्ये मोडली. मला बंदुकांचं प्रेम नाही. पण कलेक्टर कचेरीच्या बाकावर बसलेल्या कोणालाही 'दिलाच पाहिजे' या शब्दांची किंमत सांगावी लागणार नाही.

माझं कार्ड २०१७ चं. त्या वर्षी २२ फेब्रुवारीला कॅन्ससमधल्या ओलेथ गावी श्रीनिवास कुचिभोतला या ३२ वर्षांच्या इंजिनिअरला बारमध्ये गोळ्या घातल्या गेल्या. 'माझ्या देशातून चालते व्हा' असं ओरडत. श्रीनिवास आणि त्याचा सहकारी संध्याकाळचं काम संपवून बसले होते, जसे आम्हीही शुक्रवारी बसायचो. त्या आठवड्यात आमच्या मराठी मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर सल्ल्यांचा पाऊस पडला. बाहेर मराठीत मोठ्याने बोलू नका. एकेकटे जाऊ नका. कोणीतरी एका बंदुकीच्या दुकानाचा पत्ता टाकला आणि मग डिलीट केला. मी तो डिलीट व्हायच्या आधी पाहिला होता.

माझं ग्रीन कार्ड आदल्याच वर्षी आलं होतं; व्हिसावर असतो तर केंद्राच्या कायद्याप्रमाणे सहसा बंदूक ठेवताच आली नसती. म्हणजे 'तू इथला नाहीस' असं ज्याला रस्त्यात ऐकवलं जातं, त्यालाच कायदाही तेच सांगतो. सप्टेंबरात टेक्ससने परवान्याची फी १४० वरून ४० डॉलरवर आणली. ऑक्टोबरात मी वर्गाला बसलो. अर्धा दिवस कायदा, मग लेखी परीक्षा, मग ३, ७ आणि १५ यार्डांवरून ५० गोळ्या. २५० पैकी १७५ गुण हवेत. मला २३१ मिळाले. शिकवणारे गृहस्थ सैन्यातून निवृत्त झालेले, अतिशय मृदू बोलणारे. त्यांनी दिवसभरात एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली: पिस्तूल जवळ असलं की भांडणात पहिली माघार तुमची. वर्गातल्या पंधरा जणांत तिघे भारतीय होतो. तिघांनी एकमेकांकडे पाहून मान हलवली आणि ओळख मात्र करून घेतली नाही.

एक प्रश्न मी वर्गात विचारला. पोलिसाने गाडी थांबवली तर? उत्तर कायद्यातलंच होतं: हत्यार जवळ असेल आणि पोलिसाने ओळखपत्र मागितलं, तर ड्रायव्हिंग लायसन्सबरोबर हे कार्डही दाखवायचं. हात स्टिअरिंगवर, आवाज शांत, आधी सांगायचं आणि मग हलायचं. मी ते वहीत लिहून घेतलं. पण माझ्या डोक्यात फिलँडो कॅस्टील होता. मिनेसोटातल्या शाळेच्या कँटीनमध्ये काम करणारा काळा माणूस. ६ जुलै २०१६ ला पोलिसाने त्याची गाडी थांबवली. त्याच्याकडे पिस्तूल बाळगण्याचा परवाना होता. जवळ हत्यार आहे हे त्याने आपणहून, शांतपणे सांगितलं. काही सेकंदांत त्याला गोळ्या लागल्या. गाडीत त्याची मैत्रीण होती आणि मागच्या सीटवर तिची चार वर्षांची मुलगी. जून २०१७ मध्ये तो पोलीस निर्दोष सुटला.

त्याने सगळं बरोबर केलं होतं. कागद होता. सरकारने तपासून, भरवसा ठेवून दिलेला कागद. १८६६ च्या मळ्यापासून माँटगमेरीपर्यंत जो मिळवण्यासाठी माणसं धडपडली तो कागद त्याच्या पाकिटात होता, आणि तो बाहेर निघायच्या आधीच त्याचा चेहरा वाचून झाला होता.

मग मी कार्ड का रिन्यू केलं? व्यावहारिक कारणं आहेत. दुसऱ्या काही राज्यांत ते चालतं. दुकानात नवीन पिस्तूल घेताना दर वेळची केंद्राची तपासणी टळते. शाळेच्या आसपासच्या रस्त्यांवरचा केंद्राचा कायदा परवानेधारकाला वेगळं धरतो. ऑस्टिनच्या राज्य कॅपिटॉलमध्ये तर मेटल डिटेक्टरच्या रांगेत उभं राहावं लागत नाही. लांब रांग चुकवायला हे कार्ड काढलेले पत्रकार आणि लॉबीवाले आहेत, त्यांच्याकडे बंदूक असेलच असं नाही. आमच्या गावच्या देवळात व्हीआयपी पास असतो तसंच.

खरं कारण निराळं आहे. २०२१ मध्ये गव्हर्नर अ‍ॅबट यांनी अलामोच्या किल्ल्यासमोर समारंभ करून परवान्याची अट काढली, तेव्हा तो स्वातंत्र्याचा दिवस म्हणून साजरा झाला. आज २९ राज्यांत अशी अट नाही. माझे गोरे शेजारी परवाना न काढता पिस्तूल बाळगतात आणि त्यांना कोणी विचारत नाही. मला कोणी विचारलं तर दाखवायला काहीतरी हवं, असं मला वाटतं. कॅस्टीलला त्याचा उपयोग झाला नाही हे माहीत असूनही वाटतं. हे मी बायकोला वर्षभराने सांगितलं. मधल्या मे महिन्यात उव्हाल्डेच्या शाळेत १९ मुलं आणि दोन शिक्षिका मारल्या गेल्या होत्या. ती म्हणाली, "म्हणजे तुला बंदूक नकोय. तुला शिक्का हवाय."

पिस्तूल तिजोरीत आहे. ते लावून मी आजवर अकरा वेळा बाहेर पडलो; शेवटचा २०१९ मध्ये.

आता कार्डावरची तारीख आहे फेब्रुवारी २०२७. मुदत संपायच्या आधीच्या सहा महिन्यांत अर्ज करता येतो. मुलगी आता बीजगणितात आहे आणि तिने कार्ड पाहिलं आहे. गेल्या दिवाळीत काकाने आजोबांच्या परवान्याच्या पुस्तकाचे फोटो पाठवले, माळा साफ करताना सापडलं म्हणून. बंदूक केव्हाच जमा झाली. नवा परवाना काढायचा खटाटोप काकाने केला नाही. पुस्तकाच्या पानापानांवर जांभळे शिक्के, वेगवेगळ्या साहेबांच्या सह्या, दर तीन वर्षांनी एक. शेवटचा शिक्का ३१ डिसेंबर २००५ पर्यंतचा. आजोबा २००३ च्या पावसात गेले.